निशाणी नंबर चौतीस

माझ्यापुढे कोणी भुताखेतांचं काढलं की मी सरळ उठून चहा टाकायला जाते. असल्या गोष्टींवर माझा काडीचा विश्वास नाही. तरी हे लिहितेय, कारण हे ऐकीव नाही, माझ्या टेबलावर घडलंय...

नाशिकला कोर्टाच्या बाहेर मी तीस वर्षं टायपिंग करते. शिक्षण सातवी. आधी मशीन, मग कॉम्प्युटर, दोन्ही माझी मीच शिकले.

माझा भाचा दीपक नामपूरला असतो. बांधावरच्या भांडणात दोन्ही हातांनी काठी मारली म्हणून त्याला एक वर्षाची कैद झाली. घरात दोन लहान मुली. "मावशी, मी कोनले मारेल नई शे. मना हात ते प्लास्टरमा व्हता!" अपिलापुरता जामिनावर सुटलेला, पण रडायचा नुसता. हात प्लास्टरमध्ये असल्याचा दवाखान्याचा कागद कोर्टात दिलेला होता, पण निकालात म्हटलेलं, असा कागद रेकॉर्डवर नाहीच. झेरॉक्स कोणी ठेवली नव्हती, दवाखानाही बंद पडलेला.

अपिलाचा शेवटचा दिवस. नवे वकीलसाहेब सांगत होते, मी टाईप करत होते.

"त्या कागदाचा निशाणी नंबर... माहीत नाही. जागा मोकळी सोडा, काकू."

निशाणी नंबर म्हणजे दाखल झालेल्या कागदावर कोर्ट टाकतं तो क्रमांक. मी जागा सोडली. पक्कं आठवतंय मला. प्रिंट निघाली, तर तिथे — ३४!

"काकू, हा आकडा काय मटक्यातून काढला? कोर्टाची कागदांची यादी तेहतीसवर संपतेय!"

पण काउंटर बंद होत आलेलं. घाईगडबडीत कागद तसेच दाखल झाले.

सुनावणीला सरकारी वकील हसलेच. "साहेब, चौतीस नंबरच नाही या केसमध्ये." मी मागच्या बाकावर बसलेले. माझ्या टायपिंगपायी पोरगा आत गेला तर?

जजसाहेब मात्र शांत. म्हणाले, "यादी माणसानंच लिहिलीय ना? मूळ रेकॉर्ड आणा. पान अन् पान बघू."

तासभर बघितलं हो त्यांनी! शेवटी तारीख वाढवून मागायच्या अर्जांच्या गठ्ठ्यात तो कागद निघाला. नंबर ३४, आणि खाली सरकारी पक्षाची 'मान्य' म्हणून सही. नंबर पडला, यादीत चढवायचा राहिला, अन् कागद भलत्याच गठ्ठ्यात शिवला गेला.

"चूक कोर्टाच्या कारकुनीतली आहे. तिची शिक्षा आरोपीनं भोगायची नाही," साहेब म्हणाले. यादी दुरुस्त करून घेतली, दोन्ही बाजू पुन्हा ऐकल्या, आणि दीपकला निर्दोष सोडलं. सरकारी वकीलसुद्धा बाहेर येऊन म्हणाले, "काकू, मीच आधी बघायला हवं होतं." केवढं मोठं मन!

आता तुम्ही म्हणाल, मावशींचं बोट चुकून पडलं असेल. पडलंही असेल. पण चौतीसवरच का? तो गठ्ठा मी जन्मात पाहिला नव्हता, वकीलसाहेबांनीही नाही. ते मला विचारून थकले, मी स्वतःला विचारून थकले.

कळतं ते एवढंच, की नुसत्या आकड्यानं पोर सुटलं नसतं. यादीत नाही म्हटल्यावरही गठ्ठ्याची दोरी सोडायला लावणारा माणूस त्या दिवशी खुर्चीवर बसलेला होता.