आमच्या साडूंचे नऊ गेम

आमच्या थोरल्या साडूंइतका यंत्रांवर अविश्वास ठेवणारा, आणि त्याच यंत्रांची इतक्या निष्ठेनं सेवा करणारा माणूस अख्ख्या मराठवाड्यात दुसरा नसेल. मराठवाड्याचे आठही जिल्हे मी पाहिलेले नाहीत, त्यामुळं हे विधान थोडं आवरतो. धाराशिव आणि तुळजापूर या दोन तालुक्यांपुरतं ते मी सहीनिशी लिहून द्यायला तयार आहे. माझी नोकरी तलावांची पाणीपातळी नोंदवण्याची. सत्तावीस वर्षं पाण्याकडं सेंटिमीटरमध्ये पाहिल्यावर माणसांकडंही तसंच पाहायची सवय लागते. कुणी काही सांगू लागलं की माझ्या डोक्यात आधी गुणाकार होतो आणि लगेच उत्तर तोंडातून बाहेर पडतं. लग्नकार्यात माझ्या शेजारचं पान बराच वेळ रिकामं का राहतं, याचं कारण मला बायकोनं सांगितलं तेव्हा कळलं.

साडू म्हणजे बायकोच्या थोरल्या बहिणीचे यजमान. बायको त्यांना दाजी म्हणते म्हणून मीही दाजी म्हणतो, आणि ते मला लग्नाला सव्वीस वर्षं होऊनही पाव्हणं म्हणतात. तामलवाडीच्या शिवारात त्यांची सात एकर जमीन आहे. आमच्याकडं विहिरीवरच्या मोटरीला ‘ऑटो’ नावाची एक डबी बसवतात. वीज आली की मोटर आपणहून चालू होते, माणसानं घरी बसावं. दाजींनीही एकदा बसवली होती. विहीर आटलेली असताना वीज आली, ऑटोनं आपलं काम चोख केलं आणि मोटर जळाली. त्या दिवशी दाजींनी ती डबी पकडीनं उपटली आणि म्हणाले, “जे आपोआप होतं, ते आपल्या माघारी होतं.” तेव्हापासून ते कुठल्याही यंत्राला एकटं सोडत नाहीत. धुलाई मशीन चालू असलं की समोर स्टूल टाकून बसतात. फोनमध्ये आपोआप लागणारी वेळ बंद करून ती स्वतः लावतात, त्यामुळं त्यांचा फोन उरलेल्या देशाच्या तीन मिनिटं पुढं असतो. मी हे त्यांच्या नजरेस आणून दिलं तेव्हा शांतपणे म्हणाले, “मग देशाला सांगा की, पाव्हणं.”

अशा माणसाच्या घरात टीव्हीला जोडून गेम खेळायचा डबा आला. तो त्यांच्या लेकीनं आणला. ती नर्स झाली, पुण्यात नोकरीला लागली, तिथं हौसेनं हा डबा घेतला, आणि दोन वर्षांपूर्वी परदेशातल्या एका दवाखान्यात निघाली तेव्हा तो तामलवाडीला ठेवून गेली. आक्कांनी, म्हणजे माझ्या मेहुणीनं, लगेच त्याच्यावर लोकरीचं विणलेलं झाकण घातलं. दाजींनी डब्याच्या पाठीमागं हात लावून पाहिला, गरम वारा कुठून निघतो ते शोधलं आणि झाकणाला तेवढ्या जागी कात्रीनं खिडकी पाडली. आक्का त्यांच्याशी चार दिवस बोलल्या नाहीत. डबा मात्र अजून एकदाही तापलेला नाही.

त्या डब्यात नऊ गेम आहेत. हे गेम बनवणारे लोक त्यात सतत काहीतरी बदल करत असतात, आणि तो बदल नेटवरून उतरवून घ्यावा लागतो. डब्याला मुभा दिली तर तो हे काम आपोआप करतो. दाजींनी ती मुभा पहिल्याच दिवशी काढून घेतली. दर रविवारी सकाळी आठ वाजता, अंघोळ करून, कपाळाला अष्टगंध लावून ते डब्यापुढं बसतात. झाकण काढतात. सायकलच्या पंपानं धूळ उडवतात. मग एकेका गेमच्या चित्रावर जाऊन बटण दाबतात, नवीन काही आलंय का ते विचारतात, आणि ‘सगळं ताजं आहे’ असं उत्तर आलं की “बरंय” म्हणून पुढच्या चित्रावर जातात. नवीन काही आलं असेल तर पडद्यावरची पट्टी शंभर टक्के भरेपर्यंत, चुलीवर दूध ठेवल्यासारखे तिथून हलत नाहीत. शेवटी गेमचा नवा क्रमांक बियाण्याच्या दुकानातून मिळालेल्या कॅलेंडरवर लिहितात. पंचेचाळीस मिनिटं तरी जातात. मी तिथल्या तिथं गुणाकार केला आणि सांगितलं, “दाजी, वर्षाचे एकोणचाळीस तास होतात.”

“व्हय का?” ते म्हणाले. “मग उरलेल्या तासांत मी काय करतो, तेबी काढा.”

गंमत म्हणजे नवांपैकी आठ गेमना ते हातसुद्धा लावत नाहीत. खेळतात तो एकच, शेतीचा. आठवडाभर खऱ्या वावरात राबलेला माणूस रविवारी अकरा वाजता खोट्या वावरात ट्रॅक्टर चालवतो. कारण त्याच वेळी, तिकडच्या साडेसात वाजता, लेक तिच्या नव्या डब्यावर त्याच वावरात उतरते. बापलेक कानाला यंत्र लावून एक तास नांगरट करतात. मात्र दोघांच्या गेमचा क्रमांक एकच हवा. तिचा नवा आणि यांचा जुना असेल तर डबा एकाला दुसऱ्याच्या वावरात शिरू देत नाही. म्हणून तर कॅलेंडरवरची ती नोंद. त्या परदेशी शेतीबद्दल दाजींच्या तक्रारी पुष्कळ आहेत. जमीन चांगली आहे, पाऊस सांगितलेल्या वेळी येतो, हे ते मान्य करतात. “पण बांधच न्हाय,” ते मला म्हणाले. “मग माणसानं भांडायचं कुणाशी?” त्या गेममध्ये आपणहून ट्रॅक्टर चालवणारा एक गडीही मिळतो. तो त्यांनी आजवर ठेवला नाही, हे सांगायला नकोच.

आता माझ्याकडं येतो, कारण पुढं जे घडलं त्याचा कर्ता मी आहे. माझ्या घरात सगळं आपोआप चालतं, याचा मला फार अभिमान होता. टाकी भरली की पंप बंद होतो. अंधार पडला की अंगणातला दिवा लागतो. पुण्यातल्या मुलाला रोज सकाळी साडेसातला ‘सुप्रभात, पाणी पीत जा’ हा संदेश फोन आपणहून पाठवतो. त्यावर मुलाचा अंगठा येतो. तो अंगठाही आपोआपच येत असावा अशी मला अलीकडं शंका आहे.

गेल्या पावसाळ्यानंतरची गोष्ट. शनिवारी आम्ही दोघं तामलवाडीला मुक्कामाला गेलो. त्या आठवड्यात शेताची वीज सकाळी सहा ते दहा होती, म्हणजे रविवारी दाजींना पहाटेच पाण्यावर जावं लागणार होतं. म्हणून ते शनिवारी संध्याकाळीच डब्यापुढं बसायच्या तयारीत होते. तेवढ्यात आक्कांनी मला बाजूला घेऊन सांगितलं, “उद्या पोरीला काहीतरी विचारायचंय तिच्या आण्णांना, ह्यांना. सोमवारी तिला तिकडं कागदावर सही करायचीय, अजून दोन वर्षं राहते म्हणून. फोनवर इचार म्हटलं तर म्हणती, न्हाय, वावरात विचारते.” तिनं ‘हो’ म्हणावं की ‘ना’, हे या घरात कुणालाच ठरवता येत नव्हतं, आणि आक्का तीन दिवस नीट जेवल्या नव्हत्या.

हे ऐकून माझ्यातला परोपकारी माणूस जागा झाला. “दाजी, तुम्ही निवांत झोपा,” मी म्हणालो. “मी सेटिंग बदलून देतो. सकाळपर्यंत नऊच्या नऊ गेम आपोआप तयार.” त्यांनी डब्याकडं पाहिलं, माझ्याकडं पाहिलं. साडूचा मान मोडायचा नाही म्हणून म्हणाले, “तुमी म्हणता तर.” मी मुभा दिली, डबा अर्धवट झोपेत ठेवला आणि कागदावर हिशोब मांडला. एकूण उतरायचं बासष्ट जीबी, नेटचा वेग इतका, म्हणजे नऊ तास वीस मिनिटं. सकाळी सहाच्या आत काम फत्ते. भागाकार दोनदा तपासला. तो बरोबर होता, आजही बरोबर आहे. फक्त त्यात एक गोष्ट गृहीत धरली होती, की रात्रभर वीज जाणार नाही. हे गृहीतक धाराशिव जिल्ह्यात जन्मून चोपन्न वर्षं इथंच काढलेल्या माणसानं धरलं होतं.

दाजी सव्वादहाला चिखलाच्या पायांनी परत आले. पाय धुऊन, अष्टगंध लावून त्यांनी डबा चालू केला. डबा आधी रागावला. मला नीट बंद केलं नाही, आता मी स्वतःला तपासून घेतो, असं काहीतरी पडद्यावर आलं. वीज पहाटे कधीतरी जाऊन आली होती. आल्यावर विहिरीवरचा ऑटो चालू झाला असता. हा डबा मात्र कुणी बटण दाबेल म्हणून वाट पाहत बसला होता. मग नऊ पट्ट्या दिसल्या. नऊच्या नऊ अर्धवट, सगळ्या एकाच वेळी गोगलगाईसारख्या सरकणाऱ्या. शेतीचा गेम आठवा, एकतीस टक्के.

दाजींनी आठ गेम एकेक करून हातानं थांबवले आणि फक्त शेतीचा चालू ठेवला. पट्टी जरा पळायला लागली, पण खाली वेळ आली एक तास वीस मिनिटं. घड्याळात साडेदहा. साडेबाराला लेक कामावर निघणार. मी वजाबाकी केली आणि सांगून टाकलं, “चाळीस मिनिटं उरतात.” आक्का स्वयंपाकघराच्या दारात येऊन उभ्या राहिल्या. बायकोनं माझ्याकडं ज्या नजरेनं पाहिलं, तिचं मोजमाप उपलब्ध नाही.

अकराला लेकीचा फोन आला. दाजींनी तो सगळ्यांना ऐकू येईल असा लावला.

“आण्णा, दिसत न्हाई तुम्ही.”

“येतो. जरा वेळ लागतोय. बरी हायस का?”

“बरी आहे.”

“जेवलीस?”

“आण्णा, सकाळ आहे इथं.”

“व्हय व्हय. मग, आणखी काय?”

“काही न्हाई. थांबते मी.”

एकेचाळीस सेकंद. मला हसू येणार होतं, पण माझ्या आणि माझ्या मुलाच्या बोलण्याची सरासरी याहून कमी आहे, हे आठवलं.

अकरा पन्नासला पट्टी भरली. दाजींनी क्रमांक तिला वाचून दाखवला, तिनं “जुळला” म्हटलं, आणि दोघं वावरात उतरले. गडबडीत कानाचं यंत्र सापडेना, म्हणून तिचा आवाज टीव्हीतूनच येत होता. तिचा निळा ट्रॅक्टर पुढं, यांचा लाल मागं. बराच वेळ फक्त “वळण मोठं घे” आणि “तास वाकडा गेला की तुमचा” एवढंच चाललं होतं. हे दोघं मुद्द्यावर कधी येणार, या काळजीनं मी भिंतीवरचं घड्याळ पाहत होतो. मग निळा ट्रॅक्टर बांध नसलेल्या बांधाशी थांबला.

“आण्णा, उद्या सही करायचीय. करू का नको?”

लाल ट्रॅक्टर तास पूर्ण करूनच तिच्याशेजारी येऊन थांबला.

“तुला तिथं लई एकटं वाटतं का?” दाजींनी विचारलं.

“रविवार सोडून,” ती म्हणाली.

“काम आवडतं?”

“लई आवडतं, आण्णा.”

“मग कर सही. रविवार माझ्याकडं लागला.”

दारात आक्कांनी पदर डोळ्याला लावला, आणि लगेच आत जाऊन भाकरीचं पीठ मळायला घेतलं. पुढं बापलेकीनं आणखी पाच तास नांगरले, म्हणजे घड्याळाचे नव्हे, नांगराच्या रेघांचे तास. साडेबाराला ती “जाते, आण्णा” म्हणाली आणि पडद्यावरून गेली. तिचा निळा ट्रॅक्टर मात्र होता तिथंच, दिवे लागलेला, वावराच्या मधोमध उभा राहिला.

डबा बंद करायला मी पुढं झालो, तर दाजी म्हणाले, “थांबा, पाव्हणं.” ते आपल्या लाल ट्रॅक्टरवरून उतरले, अख्खं वावर तुडवत चालत गेले, तिच्या ट्रॅक्टरवर बसले आणि तो हळूहळू शेडकडं घेऊन निघाले.

“दाजी, एक बटण दाबलं की तो आपोआप शेडमध्ये जातो,” असं माझ्या तोंडून निघून गेलं. सवय.

“म्हाईत हाय,” ते पडद्यावरची नजर न हलवता म्हणाले. “दर रविवारी मीच नेतो. उघड्यावर ठिवू न्हाय पोरीची वस्तू.”

शेडमध्ये ट्रॅक्टर सरळ लागेपर्यंत त्यांनी तो दोनदा मागं-पुढं घेतला, दिवे बंद केले, मग डबा बंद केला, वायर काढली आणि खिडकी पाडलेलं झाकण परत घातलं. दोन वर्षं म्हणजे रविवार किती, याचा गुणाकार माझ्या डोक्यात केव्हाच झाला होता. उत्तर ओठावर आलं होतं. जन्मात पहिल्यांदा मी ते कुणाला सांगितलं नाही.