यादीत नसलेलं नाव

प्राचार्यांनी दिलेली यादी हातात धरून रंगारी जिमखान्यातल्या विजेत्यांच्या फळ्यावरची फुटबॉल संघाची नावं खरवडत होता. एका स्ट्रायकरनं आमच्याच कॉलेजात यावं म्हणून त्याच्या घरी गुपचूप पैसे पोचवले होते. ते उघडकीला आलं आणि विद्यापीठानं विजेतेपद काढून घेतलं.

“पैसे एकानंच घेतले ना सर? मग बाकीच्यांची नावं कशाला?” त्यानं विचारलं.

“संघ एकच असतो,” मी म्हणालो. मैदानावर वर्षानुवर्षं सांगितलेलं हे वाक्य. आज बोलतानाही दमायला झालं. पाकीट घेऊन त्या घरी मीच गेलो होतो.

शेवटी तो खाली, प्रशिक्षक म्हणून लिहिलेल्या माझ्या नावापाशी थांबला.

“हे यादीत नाही, सर,” म्हणाला आणि हत्यारं आवरू लागला.

मी होकारार्थी मान हलवली.