पाठमोरा संन्यासी

टॉलीगंजच्या आमच्या गल्लीत हाराधन सामद्दार राहायचा. बंगाली सिनेमाच्या स्टुडिओत शिंपी. राजेरजवाड्यांचे जरीचे अंगरखे शिवायचा आणि घरी विटक्या लुंगीत बसायचा.

एका सिनेमात जुन्या काळचा जमीनदार सगळी इस्टेट सोडून बैरागी होतो. नायकाने डोकं भादरायला साफ नकार दिला. "पुढच्या सिनेमात मला प्रेम करायचंय, चकोट करून कसं करू?" दिग्दर्शकाला तशाच बांध्याचा हाराधन दिसला. त्याला भादरलं, भगवं नेसवलं आणि गंगेकाठाने पाठमोरा चालवलं.

सिनेमा तुफान चालला. बायका पडद्यावरच्या त्या पाठीला हात जोडायच्या. कोणीतरी म्हणालं, "हाराधनदा, काय वैराग्य आहे हो तुमच्या मानेत!" झालं, स्वारी बिघडली. डोकं पुन्हा भादरलं, मशीन बंद, मासे बंद. एका सकाळी बायकोला म्हणाला, "क्षान्ता, संसार ही माया आहे. मी निघालो."

क्षान्तमणी बौदी, म्हणजे आमच्या वहिनी, मासे चिरत होत्या. मान वर न करता म्हणाल्या, "जाताना दार ओढून घ्या. मांजर येतं."

सिनेमातला बैरागी पहिली भिक्षा बायकोकडेच मागतो आणि ती धाय मोकलून रडते. म्हणून दुपारी हाराधन वाडगा घेऊन स्वतःच्याच दारात उभा! आम्ही सगळे खिडक्यांत.

"माई, भिक्षा!"

"पुढचं घर बघा, बाबा. मालक घरी नाहीत."

"अगं क्षान्ता, मी..."

"परक्या बाईला नावाने हाक? कुठल्या मठाचे हो तुम्ही?"

गल्ली खिदळली. हाराधन हटला नाही. वैशाखाच्या उन्हात टक्कल तांबडंलाल झालं. आतून मोहरी लावलेल्या रोहूचा वास सुटला. माशाचं डोकं हा मानाचा घास, एरवी हाराधनच्याच ताटात पडायचा. लाळ गिळून गिळून शेवटी त्याने हळूच विचारलं, "डोकं कुणाला वाढणार?"

"ज्याला आहे त्याला!"

वाडगा तिथेच ठेवून हाराधन आत गेला. चार घास पोटात गेल्यावर बौदी त्याच्या भाजलेल्या टाळूला खोबरेल चोळायला बसल्या. "खरंच गेला असतात, तर तंगडी मोडून आणली असती," म्हणाल्या, आणि पदराने नाक पुसलं.

दुसऱ्या दिवशी मशीन पुन्हा खडखडू लागलं. नायकाचा प्रेमातला रेशमी कुर्ता अर्धवट पडला होता.