बोलायचं नाही या अटीवर

माझ्या काकाचं केस कापायचं दुकान आहे. खुर्च्या दोन, त्यातली एक मोडकी. हातात कात्री आली की त्याच्या तोंडाचा पट्टा सुरू होतो आणि गिऱ्हाइकाला मान हलवायची सोय नसल्यामुळे विरोधही होत नाही. बोलत राहिलं की समोरच्याला एकटं वाटत नाही, असं त्याचं ठाम मत. आम्ही घरचे मात्र केस कापायला दुसरीकडे जातो.

मला एकटेपणावर लघुपट करायचा होता, जरा प्रयोग म्हणून. एकही शब्द नाही, एकच सलग दृश्य: एक म्हातारा केस कापून घेतोय. काकाचे वीस वर्षांपासूनचे गिऱ्हाईक, निवृत्त पोस्टमास्तर, तयार झाले. केस काही पुन्हा पुन्हा कापता येत नाहीत, म्हणून दृश्यही एकदाच. चकार शब्द काढलास तर माझी सहा महिन्यांची मेहनत पाण्यात जाईल, असं मी काकाला बजावलं. त्याने कानाला हात लावला.

कॅमेरा सुरू झाला. काकाने कापड बांधलं, पाणी फवारलं, दोन बोटांनी त्यांची मान जरा खाली केली. बोलणं आवरता आवरता त्याला घाम फुटला होता. मला हसू येत होतं. पाच-सहा मिनिटं झकास गेली आणि माझा जीव भांड्यात पडला.

तेवढ्यात पोस्टमास्तरच बोलायला लागले.

मी कपाळावर हात मारला. आधी खुर्ची करकरते म्हणाले, मग मुलीच्या फोनबद्दल सांगितलं. वीस वर्षांत त्यांना मध्ये तोंड घालायला जागाच मिळाली नसणार. मग चार वर्षांपूर्वी वारलेल्या बायकोचा विषय निघाला.

"ती गेल्यापासून माझ्या डोक्याला हात लावणारे तुम्हीच," ते आरशात बघत म्हणाले. "केस कधी वाढतात याची वाट बघत असतो."

कात्री थांबली. काका माझ्याकडे बघायला लागला. बोलू का, असं विचारत होता, आणि मी नाही म्हटलं असतं तर बिचारा गप्पही बसला असता. मला त्याची फार माया वाटली.

"बोल ना काका," मी म्हणाले.

पण काकाला काही सुचेना. जन्मात पहिल्यांदाच. त्याने कात्री बाजूला ठेवली आणि दोन्ही हातांनी हळूहळू त्यांचं डोकं चेपायला घेतलं.

"उद्या या," चेपता चेपता तो म्हणाला.

"उद्यापर्यंत कुठले वाढतायत केस?"

"नाही वाढले तरी या."

पोस्टमास्तरांनी डोळे मिटले. कॅमेरा चालू आहे हे आम्ही तिघंही विसरलो होतो. लघुपट मी तसाच ठेवला, सगळ्या शब्दांसकट.