मथुरेच्या रस्त्यावरची सावली

समस्त करवीरकरांस कळविण्यास अत्यंत खेद होतो की, मथुरा, अयोध्या आणि लंका या तिन्ही नगरांच्या प्रजेचा एकमेव पालनकर्ता गेल्या महिन्यात तापानं निवर्तला. त्याचं नाव दस्तगीर. आमच्या फिल्म कंपनीचा कॅमेरावाला, माझा जिवाभावाचा मित्र. आणि ती प्रजा? ती त्यानं एका पत्र्याच्या डब्यात ठेवली होती!

झालं होतं असं, की महाराजांची दसऱ्याची स्वारी दस्तगीरनं एकदा फितीवर घेतली होती. पुढं कुठल्याही चित्रपटात गर्दी लागली, की त्या फितीची प्रत काढायची, हत्ती-भालदार कापायचे आणि रस्त्याकडेची माणसं जोडून द्यायची. चित्रपट मुके, म्हणून तंबूत पडद्याशेजारी उभा राहून मी गोष्ट सांगायचो, "पाहा, ही मथुरेची प्रजा!" उचगावचा एक खट एकदा ओरडला, "बुवा, ही मंडळी लंकेतबी हुती की!" मी म्हटलं, "पावणं, सोयरीक हाय त्यांची तिकडं!" तंबू हसून लोळला.

पण त्या फितीत एक खोट होती. उन्हं उतरलेली, सूर्य पाठीशी. त्यामुळं खुद्द दस्तगीरची लांब सावली रस्त्यावर पडलेली. कॅमेऱ्याची तिवई, टोपी, आणि गरागरा हँडल फिरवणारा उजवा हात. कंपनीचे मालक शेठ संतापायचे, "मथुरेत कॅमेरा कुठनं आला रं? काप ती सावली!" दस्तगीर मान हलवायचा, आणि पुढच्या चित्रपटात सावली पुन्हा हजर. तसा त्याचा हात कधी थांबतच नसे. बशीतला चहा निवत असायचा, आणि हात मांडीवर आपला फिरतोय...

एकदा जोडणीच्या खोलीत मी त्याला छेडलं, "स्वतःचीच हौस व्हय रं?" तो हसला नाही. फीत खिडकीच्या उजेडात धरून म्हणाला, "डोईवर पदर घेतलेली बघा, बुवा. माझ्याकडं बघून हासतीया." ती अमीना, त्याची बायको. मानमोडीच्या साथीत गेली होती. "फोटो कधी काढला न्हाई. म्हटलं, रोज तर दिसतीया. माझी सावली तिच्या पायावर पडलीया. सावली कापली, तर तीबी जाती."

हे मी शेठना सांगितलं ते दस्तगीरला माती देऊन परतताना. नव्या चित्रपटाची जोडणी त्यांनी स्वतः समोर बसून करून घेतली. सावली आता कापली गेली, असं मी धरूनच चाललो.

परवा तंबूत पहिला खेळ. शेठ पुढच्या खुर्चीत. नगराचा देखावा आला... आणि रस्त्यावर ती सावली पसरली. अमीना हसली. दस्तगीरचा हात फिरत होता, फिरतच होता. आणि शेठ खुर्चीतून उठून पडद्याकडं बघत ओरडले,

"दस्तगीर, बास कर की रं आता! हात दुखंल तुझा!"