पुनाबाईचं घर आणि चाळीस फूट

"पचास फुट? मना कर दीजिए उस औरत को," साहेब म्हणाले आणि माझा कागद टेबलावरून परत माझ्याकडे सरकवला.

साहेब म्हणजे आमचे एसडीओ, पाटबंधारे खात्याचे उपविभागीय अधिकारी, श्रीवास्तव साहेब. मी त्यांच्या हाताखाली ओव्हरसियर. साठ सालानंतरची दोन-तीन वर्षं असतील. बालाघाट जिल्ह्यात, राजेगाव आणि लांजीच्या मधल्या धानपट्ट्यात एका तलावातून पाट काढायचं काम होतं. मोठा कालवा नव्हे, सात फूट रुंदीचा लहान पाट. आमच्या भाषेत मायनर. मंजूर झालेल्या नकाशावर त्याची लाइन दोन वळणांच्या मधे सरळ जात होती आणि त्या सरळ लाइनीत एक घर येत होतं. पुनाबाईचं.

घर वाचवायचं तर लाइन उत्तरेला सरकवायची. दक्षिणेला बोडी होती, म्हणजे लहान तळं. तिकडे माती धरत नव्हती. मी बांधावरून टेप धरून मोजलं, तर पन्नास फूट आले. तेच मी कागदावर लिहून साहेबांपुढे ठेवलं होतं.

"चालीस तक मेरे हाथ में है," साहेब म्हणाले. "उसके ऊपर फाइल बालाघाट जाएगी. नया एस्टिमेट बनेगा. एक सीझन गया समझो."

त्यांचं म्हणणं चूक नव्हतं. खाली शंभरेक घरांचं धान त्या पाण्याची वाट बघत होतं. एका घरासाठी हंगाम घालवणं कुठल्याच साहेबाला जमलं नसतं. मी कागद उचलला.

पण आदल्या दिवशीचं बोलणं माझ्या डोक्यातून जात नव्हतं.

आदल्या दिवशी मी आणि आमचा खलाशी मंगरू तिच्या अंगणात झेंडी रोवायला गेलो होतो. खलाशी म्हणजे साखळी-टेप ओढणारा माणूस. मंगरू बैहरकडचा, माझ्यापेक्षा वयानं मोठा, फार बोलायचा नाही. पुनाबाईनं आम्हाला पाणी दिलं. आम्ही पाणी पिईपर्यंत थांबली, मग विचारलं,

"घर पाडान का जी, साहेब?"

"पाट इथून जाणार आहे, बाई. गावात दुसरी जागा मिळेल. यापेक्षा चांगली."

"जागा मिळन. पन ते तं इथंच येतीन ना."

"कोण?"

तिनं मान वळवली. नवऱ्याचं नाव ती कसं घेणार? मंगरू हळूच म्हणाला, "साब, इसका आदमी. गोविंदा. भिलाई तरफ गया है काम पे. चार बरस हो गए."

मी म्हटलं, "तो आला तर गावात कुणीही सांगेल, पुनाबाई कुठे राहायला गेली ते."

"ते कोनाले इचारनार नाहीत," ती म्हणाली. "भावासंग भांडून गेलते. साऱ्या गावासमोर म्हनून गेलते का या गावचं पानी पिनार नाही. आता येतीन तं सडकेवरून सरळ घराकडे येतीन. घर दिसलं तं येतीन. नाही दिसलं तं उलट्या पावली जातीन. मले मालूम हाय न त्यायचा सभाव."

"पत्र-बित्र येतं?"

"त्यायले लिहिता येत नाही. मले वाचता येत नाही."

एवढं सांगून ती लोटा घेऊन आत गेली. मी झेंडी न रोवताच परत आलो. 

मी त्या बाईसाठी एवढा का अडकलो, हे साहेबांना सांगण्यासारखं नव्हतं. माझं घर वर्धेकडे. छप्पन साली राज्य बदललं तेव्हा माझी नोकरी मध्य प्रदेशाच्या वाट्याला आली आणि घर पलीकडे राहिलं. आई अंथरुणाला खिळलेली, म्हणून बायको तिच्यापाशी. सहा-सहा महिन्यांनी जायचो. मुलगी पहिल्या दिवशी मला "पाहुणे" म्हणायची. दुसऱ्या दिवशी बाबा म्हणायला लागायची आणि चौथ्या दिवशी मी निघायचो. बसमधून उतरल्यावर आमच्या घराचं कौलारू छप्पर दिसेपर्यंत माझ्या जिवात जीव नसायचा. ते तिथं नसतं तर मी काय केलं असतं, हा विचार मला पुनाबाईच्या अंगणात पहिल्यांदा आला.

रविवारी कॅम्पमधले सगळे बाजाराला गेले. मी ग्राफपेपर काढून बसलो.

आमच्या लाइनीचा हिशोब सोपा होता. पूर्वेला चार फूट गेलं की ती उत्तरेला तीन फूट जायची. तीन भागिले चार, हा तिचा स्लोप. बीजगणितात स्लोप म्हणजे एवढंच: आडवं किती गेलो आणि तेवढ्यात वर किती गेलो, त्याचा भागाकार. दोन रेषांचा स्लोप सारखा असेल तर त्या समांतर, कितीही लांब न्या. मी नवी लाइन जुनीला समांतरच आखली होती, स्लोप तोच ठेवून, फक्त पन्नास फूट वर उचलून.

पेन्सिल तिथंच थांबली. पन्नास फूट वर, म्हणजे थेट उत्तरेला. मी बांधावरून मोजलं होतं, कारण बांध्यांमधे, म्हणजे धानाच्या शेतांमधे, गुडघाभर चिखल होता. बांध उत्तर-दक्षिण होता. आणि पाट तिरपा होता. दोन समांतर रेषांमधलं खरं अंतर तिरपं मोजायचं नसतं, काटकोनात मोजायचं असतं.

काटकोनातल्या रेषेचा स्लोप काढायला अपूर्णांक उलटा करायचा आणि चिन्ह बदलायचं. तीन चतुर्थांशाचा उणे चार तृतीयांश. दोघांचा गुणाकार उणे एक आला की काटकोन पक्का. म्हणजे जुन्या लाइनीवरून निघायचं ते तीन फूट पश्चिमेला गेलं की चार फूट उत्तरेला. ही रेषा नव्या लाइनीला कुठं मिळते ते काढलं. चोवीस फूट पश्चिमेला, बत्तीस फूट उत्तरेला. चोवीसचा वर्ग, बत्तीसचा वर्ग, बेरीज, वर्गमूळ.

चाळीस.

मी तीनदा करून पाहिलं. मग चहा केला आणि चौथ्यांदा केलं.

सोमवारी साहेबांपुढे कागद ठेवला. "सर, लाइनचा स्लोप तोच राहतो..."

"स्लोप तो रहेगा ही," साहेब म्हणाले. "बेड का स्लोप बदला तो पानी उल्टा चलेगा क्या?"

आमच्या खात्यात स्लोप म्हटलं की पाटाच्या तळाचा उतार. मला कागदावरचा स्लोप म्हणायचा होता. ते समजावण्यात पाच मिनिटं गेली. साहेब इंजिनियर होते. एकदा आकृती पाहिली आणि पेन्सिल स्वतःच्या हातात घेतली.

"तो पहले पचास क्यों लिखा?"

"चिखलात उतरलो नाही, सर. बांधावरून मोजलं."

"अब उतरिए. चालीस से एक इंच ऊपर नहीं."

साहेब स्वतः बांधावर येऊन उभे राहिले. मी आणि मंगरू चिखलात उतरलो. जुन्या लाइनीवर एक खुंटी. तिथून चोवीस फूट पश्चिमेला, तिथून बत्तीस उत्तरेला, तिथं दुसरी खुंटी. मग दोन्ही खुंट्यांमधे टेप ताणला. पुनाबाई दारात उभी राहून बघत होती. टेपला झोळ पडू नये म्हणून मंगरू पार मागे रेलला. एकोणचाळीस फूट दहा इंच; चिखलात खुंट्या दोन इंच इकडेतिकडे झाल्या असतील. साहेबांनी स्वतः वाकून वाचलं, बूट चिखलात बुडवून, आणि तिथंच सही केली.

मला वाटलं, काम झालं.

पाट खणला गेला. घर वाचलं. पाणी सुटायच्या आठवडाभर आधी पुनाबाई चालत कॅम्पवर आली. मला वाटलं, आभार मानायला आली असेल.

"साहेब, पाट मधात आला जी."

"म्हणजे?"

"सडक तिकडे, घर इकडे. पैले सडकेवरून पायवाट सरळ अंगनात येत होती. आता मधात पानी राहीन. ते पलीकडे उभे राहतीन, घर दिसन, आन येता नाही येनार."

 तिचं बरोबर होतं. घर वाचवायला मी लाइन उत्तरेला सरकवली होती आणि सडक उत्तरेलाच होती. घरावरून लक्ष काढून मी एकदाही पलीकडे पाहिलं नव्हतं.

जुन्या मोडलेल्या मोरीतली दगडाची एक लांब फरशी कॅम्पमागे पडली होती. नऊ फुटांची. सात फूट पाटावर आणि दोन्ही काठांवर एकेक फूट टेकायला. गवंड्यानं पायवाटेच्या रोखानंच खुणा केल्या. पण पायवाट तिरपी होती. तशी टाकली तर फरशीचं टोक पलीकडच्या काठावर टेकत नव्हतं. पाट ओलांडायचं सगळ्यात कमी अंतर काटकोनातलं. पुन्हा तीन फूट पश्चिमेला, चार उत्तरेला. त्या रोखानं फरशी बसली. पायवाट तेवढी थोडी वळवावी लागली. पुनाबाईनं ती स्वतः खोऱ्यानं ओढून काढली, फरशीपासून थेट सडकेपर्यंत.

साहेबांनी रजिस्टर बघताना विचारलं, "ये पुलिया किसके लिए?"

"गाँव के लिए, साहब."

त्यांनी माझ्याकडे पाहिलं आणि पान उलटलं.

पुढं माझी बदली बैहरला झाली. जंगलातली कामं. काही वर्षांनी त्याच पाटाची पाहणी करायला आलो. पाटात पाणी होतं. फरशीवरून बायका भारे घेऊन जात होत्या, एक म्हातारा सायकल ढकलत आला. पुनाबाईनं मला ओळखलं. केस पांढरे झाले होते. घराच्या तीन भिंती पावसानं ओघळलेल्या होत्या, सडकेकडची तेवढी नुकतीच सारवून चुना दिलेली.

मी विचारलं नाही. तिनंच सांगितलं.

"आले नाहीत जी अजून."

चहा घ्या म्हणाली. मी घेतला.

नव्या ओव्हरसियरांना मी नंतर दोन गोष्टी सांगायचो. अंतर नेहमी काटकोनात मोजा, चिखल असला तरी. आणि लाइन सरकवाल तेव्हा तिच्या अलीकडे कोण राहतं एवढंच पाहू नका, पलीकडून कोण यायचं आहे तेही विचारा. पहिली गोष्ट ते वहीत लिहून घ्यायचे. दुसरीसाठी आमच्या फॉर्ममधे रकाना नव्हता.