गळा नुसता दरवाजा

घोषणा करण्याआधी भाऊ डावा तळवा पोटावर ठेवायचे. मग माईकचं बटण दाबून, "मारेगावकडे जाणारी गाडी फलाट क्रमांक तीनवर लागली आहे." पांढरकवड्याच्या बसस्थानकाचे पत्रे थरथरायचे. तुम्ही कधी तिथे गाडीची वाट पाहत बसला असाल, तर हा आवाज तुमच्याही छातीत घुमला असेल.

मी शेजारच्या खिडकीवर पास द्यायचो. एकदा या आवाजाचं गुपित विचारलं.

"पोटातून काढाव लागते, बाबू. गळा त नुसता दरवाजा हाय."

हे त्यांना एका रशियन गायकाने शिकवलं होतं. प्रत्यक्ष नव्हे, मोबाइलवर. कुठल्याशा व्हिडिओत तो त्यांना सापडला आणि तेव्हापासून आमची जेवणाची सुट्टी त्याच्याच नावे झाली. डबा उघडला की चरित्र सुरू. "बॅरिटोन म्हणते तिकडं असल्या जाड आवाजाले. जहाज दुरुस्त करणाऱ्याचा पोरगा थो! संगीत नाटकात गाये, पण हिरो नाई. हिरोले बारीक आवाज लागते. याच्या वाट्याले बाप येते, नाईतर राजा."

जगभरच्या थिएटरांत लोक त्याच्यासाठी उठून उभे राहायचे, हे सांगताना भाऊ स्वतःच उभे राहायचे आणि भाजी सांडायची. पुढे तो आजारी पडला, डॉक्टरांनी गाणं बंद करायला सांगितलं, तरी आपल्या गावी जाऊन शेवटचं गायलाच. गोष्ट इथे आली की ते डबा बंद करायचे.

आम्ही म्हणायचो, भाऊ, एकदा माईकवर गा ना.

"माईक लोकाईच्या गाडीसाठी हाय. माह्या हौशीसाठी नाई."

बावीस वर्षं. एक सूर नाही.

मग त्यांचा घसा बसला तो बसलाच. तंबाखूच्या खर्ऱ्याला कधी न शिवलेल्या माणसाच्या गळ्यात गाठ निघाली. नागपूरचे डॉक्टर म्हणाले, स्वरयंत्र काढावं लागेल. जीव राहील, आवाज राहणार नाही.

ऑपरेशनला निघायच्या दिवशी ते बॅग घेऊनच आत आले. पोटावर तळवा ठेवला आणि स्वतःच्याच गाडीची घोषणा केली. आवाज फाटला होता. पण बटणावरचं बोट काही निघेना. आणि मग त्या रशियनाचं गाणं. शब्द एकही कळला नाही. पास तसाच राहिला, माझ्या हातातला शिक्का हवेत राहिला. एवढं मोठं काही मी आयुष्यात ऐकलं नव्हतं.

बाहेर मात्र लोकांनी पिशव्या उचलल्या. माईकवर काही आलं की उठायचं, ही स्थानकावरची सवयच. एक आजी खिडकीशी आल्या. "कोनत्या गावची गाडी हाय थे, बापू?"

"माहीत नाही, आजी."

"कोनतीबी असो. मले तिच्यातच बसाव वाटून राह्यलं."

नागपूरच्या गाडीच्या चालकाने इंजिन बंद केलं होतं. गाणं संपल्यावर भाऊ बॅग उचलून गाडीत बसले, मगच त्याने ते चालू केलं.

आता ते गळ्याला रुमाल बांधून कधीमधी येतात आणि बाकावर बसतात. घोषणा एक नवी मुलगी करते, चांगली करते. परवा मी त्यांच्या शेजारी बसून मोबाइलवर तो रशियन लावला. लावला आणि जीभ चावली; वाटलं, नको होतं लावायला.

त्यांनी मोबाइल माझ्या हातातून घेतला. सदऱ्याचं बटण काढून तो पोटाशी धरला, वरून तळव्याने दाबला. मग मान वर केली आणि तोंड उघडलं. गाणं संपेपर्यंत ते तसंच उघडं होतं.

मी उठून उभा राहिलो.